लाकडी जू आणि लोखंडी जू

शास्त्रपाठ : यिर्मया, अध्याय २८



जू म्हणजे काय हे औराद तालुक्यातील माणसाला समजावून सांगावे लागत नाही. आज शेतात ट्रॅक्टर आले असले, तरी बाभळीच्या लाकडाचे जू, त्याच्या शिवळा आणि बैलाच्या मानेवर पडलेले घट्टे आपण सर्वांनी पाहिले आहेत. पोळ्याच्या आदल्या दिवशी बैलांचे खांदे हळद आणि तूप लावून मळतात. वर्षभर ओझे कोणी वाहिले याची तेवढीच काय ती एक दिवसाची आठवण!

असे एक जू स्वतःच्या मानेवर घेऊन यिर्मया संदेष्टा यरुशलेमेच्या रस्त्यांतून फिरत होता. लोक हसले असतील, पोरे मागे लागली असतील. पण त्यामागचा संदेश हसण्यासारखा नव्हता. बाबेलच्या राजाचे जू मानेवर घ्या, परमेश्वरानेच ते ठेवले आहे, ते झुगारून देऊ नका, म्हणजे जगाल, असे तो सांगत होता. इ. स. पूर्व ५९७ मध्ये नबुखद्नेस्सराने यरुशलेम घेतले होते. तरुण राजा यखन्या, त्याची आई, सरदार आणि कारागीर यांना त्याने धरून नेले होते आणि मंदिरातील पात्रेही लुटली होती. मागे राहिलेल्यांवर सिद्कीया नावाचा राजा बसवला होता. घराघरातून कोणी ना कोणी गेलेले होते. अशा गावात उभे राहून, "एवढ्यात ते परत येणार नाहीत," असे सांगणे सोपे नाही.

आणि मग सिद्कीयाच्या कारकिर्दीच्या चौथ्या वर्षी, पाचव्या महिन्यात, मंदिरात याजकांच्या व सर्व लोकांच्या समोर हनन्या उभा राहिला. तो गिबोनचा, अज्जूराचा पुत्र. परमेश्वराने बाबेलच्या राजाचे जू मोडले आहे असे त्याने जाहीर केले. दोन वर्षांच्या आत पात्रे परत येतील, यखन्या परत येईल, गेलेले सर्व लोक परत येतील, असे तो म्हणाला. दोन वर्षे! मुदतही दिली. हे तो स्वतःच्या नावाने बोलला नाही, तर यिर्मया ज्या शब्दांनी आरंभ करीत असे त्याच शब्दांनी, सेनाधीश परमेश्वर असे म्हणतो, अशी सुरुवात करून बोलला.

शब्बाथशाळेच्या शिक्षकांना आमची एक विनंती आहे. हा पाठ शिकवताना आरंभीच, "हनन्या हा खोटा संदेष्टा होता," असे मुलांना सांगू नका. मूळ इब्री शास्त्रात या अध्यायात यिर्मयाला जसे "संदेष्टा" म्हटले आहे तसेच हनन्यालाही शेवटपर्यंत "संदेष्टा" म्हटले आहे. जुन्या ग्रीक भाषांतरकारांना ते सोसले नाही, म्हणून त्यांनी हनन्याच्या नावापुढे "खोटा संदेष्टा" असा शब्द घातला. त्यांचा हेतू चांगला होता. पण त्यामुळे वाचकाचे काम फार सोपे झाले. त्या दिवशी मंदिरात उभ्या असलेल्या शेतकऱ्याला, विधवेला, तरुणाला अशी सोय नव्हती. कोणाच्याही कपाळावर चिठ्ठी लावलेली नव्हती. दोघेही परमेश्वराचे नाव घेत होते, आणि दोघेही बन्यामीनाच्या वतनातील लेव्यांना दिलेल्या गावांतले होते, एक अनाथोथचा आणि दुसरा गिबोनचा. एक म्हणत होता, मान वाकवा; दुसरा म्हणत होता, मान ताठ करा. तुम्ही कोणाचे ऐकले असते? प्रश्न मुलांपुढे तसाच राहू द्या. त्यांना थोडे अडखळू द्या.

हनन्या उघड थापाड्या होता असेही समजू नका. त्याच्या बोलण्याला शास्त्राचा आधार होता. त्याच्या शंभरेक वर्षांपूर्वी यशया संदेष्ट्याने अश्शूरी राजाचे जू मोडले जाईल असा संदेश दिला होता, आणि इ. स. पूर्व ७०१ मध्ये सन्हेरीबाचे सैन्य यरुशलेमेच्या वेशीवरून खरोखरच परत गेले होते. देव आपले नगर राखतो ही गोष्ट आजोबांनी नातवंडांना सांगितलेली होती. हनन्याने यशयाचाच जुना संदेश नव्याने सांगितला. एके काळी जे देवाचे वचन होते तेच दुसऱ्या काळी खोटे ठरले, कारण या वेळी देव ते बोललाच नव्हता. आम्हांला तर या अध्यायातील सर्वांत धोक्याची जागा हीच वाटते. शास्त्रातील ओळ तोंडपाठ असणे आणि आज या माणसासाठी देव ती ओळ बोलत आहे हे ठाऊक असणे, या दोहोंत अंतर आहे. बायबल हातात घेतलेला मनुष्यही खोटा संदेश देऊ शकतो.

हे आम्ही दुरून लिहीत नाही. काही वर्षांपूर्वी आमच्या भागातील एका गावी तीन रात्रींच्या जागृती सभा झाल्या. बाहेरगावचे एक प्रचारक आले होते. मंडळीतील एका विधवा भगिनीचा एकुलता एक मुलगा मूत्रपिंडाच्या विकाराने आजारी होता. आठवड्यातून दोनदा त्याला डायालिसिससाठी न्यावे लागे. शेवटच्या रात्री त्या माउलीने त्याला पुढे आणले. प्रचारकांनी त्याच्या डोक्यावर हात ठेवला आणि मोठ्याने सांगितले की, परमेश्वर असे म्हणतो, नाताळाच्या आत हा तरुण निरोगी होऊन स्वतःच्या पायांनी या मंदिरात येईल. आता सुईवर नव्हे, प्रभूवर भरवसा ठेवा. सगळ्या मांडवाने आमेन म्हटले. आम्हीही म्हटले. का म्हणणार नाही? त्या मुलाला आम्ही बाप्तिस्मा दिला होता. तो बरा व्हावा असे आम्हांला वाटत नव्हते काय?

पुढच्या आठवड्यात ते दवाखान्यात गेले नाहीत. त्याच्या पुढच्याही आठवड्यात गेले नाहीत. धाप लागल्यावर शेजाऱ्यांनी जीप केली, पण उशीर झाला होता. आगमनकाळाच्या पहिल्या आठवड्यात आम्ही त्याला माती दिली. प्रचारकांना निरोप गेला तेव्हा उत्तर आले की, आईचा विश्वास डळमळला असावा. दहाव्या दिवशीच्या प्रार्थनेनंतर ती भगिनी आम्हांला म्हणाली, "पाळकसाहेब, मला एवढंच सांगा. खोटं कोण बोललं? देव, का त्यो मानूस, का माझाच इस्वास खोटा?"

त्या दिवशी आम्हांला उत्तर देता आले नाही. "देवाचे मार्ग अगम्य आहेत," असे काहीतरी पुटपुटून आम्ही उठलो. म्हणून पुढे आम्ही यिर्मयाचा अठ्ठाविसावा अध्याय उघडून बसलो.

तेथे पहिला धक्का बसला तो यिर्मयाच्या उत्तराचा. हनन्याचे बोलणे ऐकून यिर्मया काय म्हणाला? आमेन! परमेश्वर तसेच करो, तुझे शब्द खरे होवोत, असे तो सर्वांसमक्ष म्हणाला. ही थट्टा होती असे काही टीकाकार मानतात. आम्हांला तसे वाटत नाही. आपल्या लोकांसाठी ज्याचे डोळे झरे झाले होते तो मनुष्य त्यांच्या परत येण्याची थट्टा करणार नाही. हनन्याचा संदेश खरा ठरावा असे यिर्मयाला मनापासून वाटत होते. पण वाटणे आणि देवाने सांगणे ही दोन्ही त्याने एकत्र होऊ दिली नाहीत. आमेन म्हणून तो थांबला नाही. तरी एक ऐक, असे म्हणून त्याने पुढे सांगितले की, तुझ्यामाझ्या आधीच्या संदेष्ट्यांनी पुष्कळ देशांविषयी लढाई, अरिष्ट आणि मरी यांचे संदेश दिले. जो शांतीचा संदेश देतो त्याचे वचन घडून येईल तेव्हाच परमेश्वराने त्याला पाठवले हे कळेल.

आम्ही पहिला अर्धा भाग बोललो होतो. "तरी एक ऐक," हा दुसरा अर्धा भाग आमच्या तोंडून निघाला नव्हता.

संदेशाची पारख कशी करावी यासंबंधी अनुवादाच्या अठराव्या अध्यायात नियम आहे : संदेष्ट्याने परमेश्वराच्या नावाने सांगितलेली गोष्ट घडली नाही तर ती परमेश्वराची नव्हे. नियम सरळ आहे. अडचण एवढीच की तो मागाहून लागू होतो. दोन वर्षे संपेपर्यंत थांबायचे काय? तोवर पुष्कळांनी शेत विकलेले असते. शिवाय योनाने निनवेला चाळीस दिवसांची मुदत दिली होती. नगर पालथे पडले नाही, तरी योनाचा संदेश देवाचाच होता, कारण निनवेने पश्चात्ताप केला. उलट अनुवादाचा तेरावा अध्याय म्हणतो की, चिन्ह खरे ठरले तरीही जो तुम्हांला दुसऱ्या देवांकडे नेतो त्याचे ऐकू नका. म्हणजे नुसत्या घडण्या-न घडण्यावर सगळा निकाल लागत नाही. यिर्मयाने स्वतः तेविसाव्या अध्यायात आणखी एक कसोटी दिली आहे, आणि ती आजच लावता येते. देवाच्या मसलतीत जो उभा राहिला असेल तो लोकांना त्यांच्या वाईट मार्गापासून फिरवील. हनन्याच्या सबंध भाषणात पापाचा उच्चार नाही. मजूर, परका, विधवा यांच्याविषयी शब्द नाही. सगळा दोष बाबेलचा आणि सगळे बक्षीस आपले! असा संदेश कोणाला आवडणार नाही?

अशा मुदती घालणारे पुढेही झाले. अमेरिकेत विल्यम मिलर याच्या अनुयायांनी २२ ऑक्टोबर १८४४ ही प्रभूच्या पुनरागमनाची तारीख धरली होती. किती जणांनी त्या वर्षी पिके शेतातच उभी ठेवली! त्याच देशात हॅरॉल्ड कॅम्पिंग या रेडिओवरील वक्त्याने २१ मे २०११ ही तारीख जगभर गाजवली. ती टळल्यावर ऑक्टोबर सांगितला. तोही टळला. पुढच्या वर्षी मात्र त्याने आपली चूक कबूल केली, तारीख सांगणे हे पापच होते असे लिहून दिले. हे फार थोड्यांना जमते, म्हणून मुद्दाम नोंदवतो. आपल्या शेजारी बसवकल्याणच्या परिसरातही शरणांच्या नावाने "कालज्ञान" सांगणारी वचने पिढ्यान्‌पिढ्या चालत आली आहेत. पुढे काय होणार हे जाणण्याची ओढ एकट्या ख्रिस्ती माणसाला आहे असे नाही. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीचा भूकंप झाला, हजारो माणसे गाडली गेली आणि बीदरपर्यंत जमीन हादरली. त्यानंतर कित्येक रात्री माणसे अंगणात झोपत होती. भ्यालेल्या माणसाला तारीख हवी असते. वाईट तारीखही चालते, पण "ठाऊक नाही" हे उत्तर सोसत नाही. प्रभू येशूने मात्र तो दिवस व ती घटका पित्यावाचून कोणालाही, पुत्रालाही, ठाऊक नाही असे स्पष्ट सांगितले. पुत्र जे सांगत नाही ते आम्ही मांडवात सांगावे काय?

"परमेश्वर म्हणतो" या शब्दांचे वजन किती आहे हे समजण्यासाठी बीदरच्या इतिहासातील एक गोष्ट उपयोगी पडते. औरादहून बीदरला गेलेल्या प्रत्येकाने महमूद गवानाचा मदरसा पाहिलाच असेल. १४७२ मध्ये पूर्ण झालेल्या त्या इमारतीच्या निळ्या-हिरव्या कौलांची नक्षी आजही भिंतीवर शिल्लक आहे. हा गवान बहमनी सुलतानाचा वजीर, विद्वान आणि राज्याचा आधार. त्याच्या शत्रूंनी त्याच्या मोहोर सांभाळणाऱ्याला दारू पाजली आणि एका कोऱ्या कागदावर वजिराची मोहोर उमटवून घेतली, असे इतिहासकार सांगतात. मग त्या कागदावर ओरिसाच्या राजाला फितुरीचे पत्र लिहिले आणि ते सुलतानाच्या हाती पडेल अशी व्यवस्था केली. वजिराला बोलावून विचारले, तेव्हा त्याने सांगितले की मोहोर माझी आहे, पत्र माझे नव्हे. सुलतानाने ऐकले नाही. ५ एप्रिल १४८१ रोजी सत्तरी ओलांडलेल्या त्या निष्ठावंत सेवकाचा शिरच्छेद झाला. पुढे खरे कळले तेव्हा सुलतान पस्तावला, आणि वर्षाच्या आत तोही मेला. राज्याचे तुकडे होऊ लागले ते त्यानंतर.

मोहोर खरी, पत्र खोटे. हनन्याने हेच केले. आणि आमच्या मांडवात त्या रात्री हेच झाले. कोरा कागद होता त्या आईची आशा. त्यावर देवाच्या नावाची मोहोर उठवली आणि मग हवा तो मजकूर भरला. पत्र खोटे ठरले तेव्हा दोष कोणावर गेला? ज्याची मोहोर होती त्याच्यावर! देवाचे नाव व्यर्थ घेऊ नये या तिसऱ्या आज्ञेचा अर्थ आम्ही आजवर मुलांना "शपथा घालू नका" एवढाच शिकवीत आलो. तो अर्थ चुकीचा नाही, पण फार लहान आहे.

आता मंदिरात परत जाऊ. हनन्याने चिडून यिर्मयाच्या मानेवरचे जू काढले आणि सर्वांसमोर मोडले. लोकांनी टाळ्या पिटल्या असतील. यिर्मया काय करतो? शास्त्र एवढेच सांगते की, तो आपल्या वाटेने निघून गेला. तेथल्या तेथे त्याने दुसरा संदेश रचला नाही. देव अजून काही बोललेला नव्हता म्हणून तोही बोलला नाही. हनन्याजवळ प्रत्येक प्रसंगी तयार उत्तर होते. यिर्मयाला उत्तराची वाट पाहावी लागली. आम्हां उपदेशकांना हे फार जड जाते. आजाऱ्याच्या खाटेजवळ गप्प बसण्याची आम्हांला लाज वाटते, म्हणून आम्ही बोलत सुटतो.

काही काळाने परमेश्वराचे वचन यिर्मयाला प्राप्त झाले. हनन्याने लाकडी जू मोडले, पण त्याऐवजी लोखंडी जू तयार केले. शेतकऱ्याला हे लगेच समजेल. लाकडी जू कधीतरी झिजते, तडकते, उतरवता येते. लोखंडाचे उतरत नाही. खोट्या आशेने माणूस होता तेथेच राहत नाही. तो त्याहून खाली जातो. डायालिसिसचे जू जड होते, आठवड्यातून दोनदा उचलावे लागत होते. ते मोडून टाकल्यावर त्या घरावर जे आले ते लोखंडाचे होते. आणि वर "तुझाच विश्वास कमी पडला" हा खिळा! यिर्मयाने हनन्याला सांगितले की, परमेश्वराने तुला पाठवले नाही. तू या लोकांना खोट्यावर भरवसा ठेवायला लावले आहेस. याच वर्षी तू मरशील. त्याच वर्षी सातव्या महिन्यात, म्हणजे दोन महिन्यांत, हनन्या मेला. दोन वर्षांची मुदत देणाऱ्याला दोन महिनेही मिळाले नाहीत. पण लोक तरी शहाणे झाले काय? नाही. सिद्कीयाने बंड केले, इ. स. पूर्व ५८६ मध्ये नगर पडले, मंदिर जळाले, राजाचे डोळे काढले. खरा संदेश खरा ठरला म्हणून यिर्मयाला आनंद झाला नाही.

पुढच्याच अध्यायात यिर्मयाचे बाबेलातील लोकांना लिहिलेले पत्र आहे. घरे बांधा, त्यांत राहा, बागा लावा, मुलांची लग्ने करा, ज्या नगरात आहात त्याच्या शांतीसाठी प्रार्थना करा, कारण सत्तर वर्षे जायची आहेत. औरादकडील मराठी मंडळ्यांना हे पत्र आपल्याच पत्त्यावर आल्यासारखे वाटावे. १ नोव्हेंबर १९५६ रोजी बीदर जिल्ह्याचे तुकडे झाले; उदगीर, निलंगा मुंबई राज्यात गेले, औराद, भालकी म्हैसूर राज्यात. घरात मराठी, कचेरीत कन्नड, म्हाताऱ्यांच्या तोंडी निजामाच्या वेळची उर्दू. "लवकरच निकाल लागेल," हे शब्द तीन पिढ्यांनी ऐकले. निकाल काय लागावा हे सांगण्याचे हे पान नव्हे. पण त्या तीन पिढ्यांत ज्यांनी विहिरी खणल्या, पोरींना कन्नड शाळेतही घातले आणि रात्री मराठी गीतांचे पुस्तकही उघडले, ते लोक आम्हांला यिर्मयाचे पत्र वाचलेले वाटतात. आशा तर यिर्मयानेही दिली होती, आणि लोक परतलेही. पण त्याच्या आशेत सत्तर वर्षांचे रोजचे काम होते.

येथे एक शंका येईल. मग आजाऱ्यासाठी विश्वासाने प्रार्थना करूच नये काय? करावी, तेल लावूनही करावी; याकोबाचे पत्र तसे सांगते. संदेशांचा धिक्कार करू नका असे पौल थेस्सलनीकाकरांस सांगतो आणि लगेच, सर्व गोष्टींची पारख करा, असेही म्हणतो. करिंथच्या मंडळीलाही त्याने सांगितले की, दोघातिघांनी संदेश द्यावा आणि इतरांनी निर्णय करावा. "इतरांनी" हा शब्द आमच्या मंडळीतून जणू पुसलाच गेला होता. आता आमच्याकडे बाहेरचा उपदेशक आला, तर सभेपूर्वी वडीलजन त्याच्याबरोबर बसतात, आणि औषध बंद करा असे कोणी बोलल्यास त्याच सभेत, त्याच मांडवात, उठून "तरी एक ऐका" म्हणायचे असे ठरवले आहे. एकदा म्हणावे लागले. पाहुण्यांना राग आला, जेवण न करता गेले.

त्या भगिनीकडे आम्ही गेलो ते पुष्कळ उशिरा, उन्हाळ्यात. ती अंगणात सुपात तूर पाखडीत होती. आम्ही सांगितले, "मावशी, तुम्ही विचारलं होतं, खोटं कोण बोललं. देव बोलला नाही. तुमचा विश्वास खोटा नव्हता. तो मनुष्य खोटं बोलला, आणि आम्ही त्यावर आमेन म्हटलं." ती बराच वेळ पाखडत राहिली. मग सूप खाली ठेवून म्हणाली, "मग तवाच का बोलला नाहीत, पाळकसाहेब?"

आम्ही काही बोललो नाही. तिने उठून चुलीवर चहाचे आधण ठेवले.